हेल्मी आणि शांतपणे गेलेली माणसं

शॅननचं पाणी या आठवड्यात परत कुरणांवर चढलं. दरवर्षी चढतं, त्यात नवल काही नाही. आयर्लंडमधल्या या ॲथलोनला राहायला आल्यापासून बघतेय, नोव्हेंबर उलटला की या नदीला आपल्या पात्रात राहवत नाही. कुंपणाचे खांब तेवढे पाण्यावर दिसतात, गाई आधीच गोठ्यात गेलेल्या असतात, आणि उन्हाळ्यात माझी लेक जिथे डेझीच्या माळा करत बसते, तिथे करड्या पाण्यावर पांढरे हंस येऊन उतरतात. लोक गाड्या थांबवून फोटो काढतात. मी नाही काढत. मला ते पाणी दिसलं की मागचा हिवाळा आठवतो, वीस साल संपून एकवीस लागलं तो, आणि मग माझा अख्खा दिवस वाया जातो. नवरा म्हणतो, "मग त्या रस्त्यानं जाऊ नकोस ना." जसं काही या गावात मला दुसरे रस्ते ठेवलेत!

हे हंस आइसलँडहून येतात, हे मला हेल्मीनं सांगितलं. फिनलंडचा राष्ट्रीय पक्षी हाच, पण इथे येणारे ते 'आमचे' नव्हेत, असं ती बजावून सांगायची. मी एकदा कौतुकानं म्हटलं, "बघ हेल्मी, तुझ्या माहेरची पाखरं आली." तर लगेच, "आइसलँडची. जे आहे ते म्हण." बाईंना लाडाकोडाचं बोलणं म्हणून खपायचं नाही. सत्तरी ओलांडलेली, ताडमाड, कापलेले पांढरे केस, पायात बारा महिने रबरी बूट. आमच्या शेजारच्याच घरात राहायची, मध्ये एक भिंत. तिचा नवरा इथला, रेडिओवर आवाजाचं काम करायचा. तो गेल्यावर आता परत जाते, आता परत जाते म्हणत इथेच राहिलेली. आम्ही तिला कित्येक महिने निवृत्त शाळामास्तरीण समजत होतो.

ओळख झाली ती वेलदोड्यामुळे. पहिल्या लॉकडाउनमधला एक रविवार. मी मागच्या अंगणात कपडे वाळत घालत होते आणि वेलदोड्याचा असा दणदणीत वास आला की मला वाटलं, अगंबाई, शेजारी कुणीतरी आपलं माणूस राहायला आलं! कुंपणावरून वाकून मी चक्क मराठीत विचारलं, "काय चाललंय हो, पुरण का?" पलीकडे हेल्मी पावांचा ट्रे घेऊन उभी. फिनलंडमध्ये गोड पावात वेलदोडा घालतात, आणि तोही सढळ हातानं, हे मला या वयात कळलं. तिनं चिमट्यानं दोन पाव उचलून, हात लांब करून, कुंपणावरून दिले. त्या काळात तेवढाही पाहुणचार पुष्कळ होता.

तिच्या भाषेत तो आणि ती यांना एकच शब्द आहे. त्यामुळे इंग्रजी बोलताना तिचा कायम गोंधळ. माझा नवरा तिच्या लेखी जन्मभर 'शी'. इरा, माझी सात वर्षांची मुलगी, खिदळत आत यायची, "मम्मी, शी सेज डॅडी इज अ लव्हली वुमन!" मी हेल्मीला म्हटलं, आमच्याकडे ये म्हणजे वेड लागेल तुला. आमच्यात खुर्चीसुद्धा बाई असते आणि पंखा पुरुष. यावर ती इतकी हसली की तिला पायरीवर बसावं लागलं. हेल्मीला हसताना मी मोजक्याच वेळा पाहिलं, त्यातली ही एक.

ती माहितीपट करते हे तिनं स्वतःहून सांगितलंच नाही. इंटरनेट बंद पडलं म्हणून आमचं वापरायला तिनं मागितलं तेव्हा बोलता बोलता कळलं. मग हळूहळू, कुंपणाच्या दोन बाजूंना दोन खुर्च्या टाकून, कोट घालून, मी तिचं आयुष्य ऐकलं. पूर्व फिनलंडमधलं एक कागद कारखान्याचं गाव. बाप कारखान्यात, आई तिथल्याच धुलाईघरात. सगळ्या गावाला कुजक्या कोबीसारखा वास यायचा आणि कुणाला तो वास यायचा नाही. हेल्मी बारावीला असताना कारखान्यातली माणसं कमी केली, आणि टीव्हीवाले आले. त्यांनी तिच्या आईला फाटकाशी गाठून विचारलं, "तुम्हाला काय वाटतं?" आई रडली. ते रडणं देशभर दिसलं. त्यानंतर आई गावातल्या दुकानात दिवसाउजेडी कधी गेली नाही, बंद व्हायच्या वेळेला गुपचूप जायची. हेल्मी म्हणाली, "बातमी खरी होती. आईचं रडणंही खरं होतं. पण तिला कुणी विचारलं नव्हतं."

त्यातून तिचे दोन नियम निघाले. 'तुम्हाला काय वाटलं?' हा प्रश्न ती कधीच विचारायची नाही. ती विचारायची, "मग तुम्ही काय केलंत?" आणि दुसरा नियम असा की, ज्याचं चित्रण केलं त्याला ते बसून दाखवायचं, आणि तो नको म्हणाला की काढून टाकायचं. नुसतं चित्रपटातून नाही, मुळातूनच पुसायचं. याच नियमांवर तिनं आयुष्यभर माहितीपट केले. स्वीडनला जाणाऱ्या जहाजांवर प्रवाशांच्या ओकाऱ्या पुसणाऱ्या बायका. कारखाना कायमचा बंद झाला तो आठवडा. त्यात यंत्रांचा आवाज इतका वेळ चालतो की तो थांबल्यावर आपल्याच कानांची भीती वाटते. उत्तरेकडच्या छावणीत आश्रय मागायला आलेला गरम देशातला एक माणूस, बर्फावर पडायचं कसं नाही ते शिकणारा. आम्ही हे सगळे, ती तिच्या घरी आणि मी माझ्या घरी, म्हणजे भिंतीच्या दोन बाजूंना दोन लॅपटॉपवर एकाच वेळी लावून पाहिले. एकातही संगीत नाही. मी विचारलं, "थोडं व्हायोलिन घातलं असतं तर?" तर म्हणाली, "कुणी रडायला लागलं की तू व्हायोलिन वाजवतेस का?" मी व्हायोलिनचा विषय सोडला. मला कुणी गप्प बसवणं सोपं नाही, आमच्या घरी विचारा.

मी पडले मेडिकल डिव्हाइस कंपनीत. श्वासनलिकेत घालायच्या नळ्यांचे भाग आमच्याकडे बनतात, त्यामुळे आमचा प्लांट एक दिवस बंद नव्हता. उलट दुप्पट काम. मी रोज त्या पुरातल्या रस्त्यानं जायचे आणि मनात हिशेब नको नको म्हणत असताना यायचाच, की एवढ्या नळ्या म्हणजे एवढी माणसं.

त्या जानेवारीत गावाच्या कडेच्या एका वृद्धाश्रमात माणसं जायला लागली. इथे एक पद्धत आहे. सकाळी उठून चहाबरोबर लोक मृत्यूच्या बातम्यांची वेबसाइट उघडतात, आपण राशिभविष्य बघतो तितक्या सहज. कुणाचं कोण गेलं, प्रार्थना कधी, घरी भेटायला जायचं का. त्या हिवाळ्यात घरी जायची सोय नव्हती. शववाहिका जाताना लोक आपापल्या फाटकाशी उभे राहायचे, बस्स. हेल्मी ती निवेदनं रोज वाचायची आणि मला ऐकवायची. प्रत्येकात एक शब्द असायचाच. पीसफुली. शांतपणे. कर्मचाऱ्यांच्या प्रेमळ सहवासात शांतपणे.

"सगळेच शांतपणे?" हेल्मी म्हणाली. "एकही माणूस घाबरून गेला नाही? एकही एकटा गेला नाही?"

मी म्हटलं, "अगं, तसं लिहायची रीत असते. आमच्याकडेही झोपेतच गेले, सोन्यासारखं मरण आलं, असंच म्हणतात. घरच्यांना तेवढाच धीर."

"रीत आहे हे कळतं मला," ती म्हणाली. "पण सगळेच शांतपणे गेले असतील, तर मग कुणाला काहीच विचारायचं उरत नाही."

आणि दुसऱ्या दिवशी तिनं कॅमेरा बाहेर काढला.

वृद्धाश्रमाच्या आत तिला जाता येणार नव्हतं, आणि तिनं प्रयत्नही केला नाही. ती बाहेरची माणसं धरत गेली. त्यात ब्रीडा होती. ब्रीडा शाळेची बस चालवायची. शाळा बंद, त्यामुळे ती रोज आईच्या खिडकीशी. नोरा, तिची आई, तळमजल्यावर होती. खिडकी उंच, म्हणून ब्रीडा दुधाचा क्रेट पालथा घालून त्यावर उभी राहायची आणि काचेतून आईला गावातल्या भानगडी ओरडून सांगायची. नोराला ऐकू यायचं नाही, पण ती मान हलवायची. हेल्मीनं ते लांबून, रस्त्याच्या पलीकडून टिपलंय. पाऊस पडतोय, क्रेटवर एक जाडजूड बाई, आणि काचेच्या आत एक हात. नोरा जानेवारीतच गेली. रविवारी दुपारी.

नंतर ब्रीडा आपल्या फाटकाशी उभी राहून कॅमेऱ्यासमोर बोलली. तिचं ते बोलणं मला पाठ झालंय. म्हणाली, "माझ्या आईजवळ ती इंडियन मुलगी होती. तिचा हात धरून. ती मुलगी मला स्वतः म्हणाली. मी उभी आहे ना, ती फक्त तेवढ्यावर उभी आहे."

ती इंडियन मुलगी म्हणजे वैष्णवी. बार्शीची. इथल्या विद्यापीठात एमएस्सी करायला आलेली आणि शनिवार-रविवार वृद्धाश्रमात केअर असिस्टंटचं काम करणारी. बार्शीला वडलांची पिठाची गिरणी, आई लहानपणीच गेलेली, बापलेक दोघंच. आम्हा गावातल्या मराठी मंडळींच्या ग्रुपवर ती होती, पण दिवाळीच्या फराळाशिवाय माझा तिच्याशी संबंध आला नव्हता. हेल्मीनं तिला गाठलं, आपल्या टर्फच्या शेडमध्ये, म्हणजे जळणाच्या खोलीत, दार सताड उघडं ठेवून बसवलं. वैष्णवी बोलायला लागली आणि दोन वाक्यांत थांबली. म्हणाली, मी मराठीत बोलते. इंग्रजीत बोलले की माझ्या तोंडातून आपोआप 'ग्रँड' येतं.

हे ज्यांना इथे राहून माहिती नाही त्यांना सांगायला हवं. आयर्लंडमध्ये सगळं ग्रँड, म्हणजे झकास, असतं. तब्येत ग्रँड, हवा ग्रँड, चहा नको असला तरी 'आय ॲम ग्रँड'. कुणी जिन्यावरून गडगडत खाली आला आणि तुम्ही धावलात तरी तो म्हणणार, ग्रँड. आपलीही माणसं सहा महिन्यांत तेच बोलायला लागतात. मीही बोलते. सोयीचा शब्द आहे, त्याच्यामागे काहीही लपतं.

तर वैष्णवी मराठीत बोलली, हेल्मीला त्यातलं ओ की ठो कळलं नाही, आणि भाषांतराला मला बोलावलं. फेब्रुवारीतली दुपार. मी, हेल्मी, मध्ये लॅपटॉप, दोघींच्या तोंडाला मास्क, बाहेर बारीक पाऊस. पडद्यावर वैष्णवी निळ्या जाकिटात, हात मांडीखाली घालून बसलेली.

"त्या दिवशी आम्ही निम्मेच होतो ओ," ती म्हणत होती. "बाकीच्या सगळ्या पॉझिटिव्ह. त्या पॅसेजला मी एकटीच. नोरा आजींचा श्वास सकाळपासून वेगळा लागला होता. मला कळत होतं. खरं सांगते, मला कळत होतं. ब्रीडा बाहेर क्रेटवर उभी, चिंब भिजलेली. तिनं काच वाजवून विचारलं, कशी आहे? मी अंगठा दाखवला. शी इज ग्रँड, म्हटलं. जा घरी, कपडे बदल. तोंडातून गेलं ते. ती गेली की. मग पलीकडच्या खोलीत एक आजोबा पडले, डोक्यातून रक्त. मी तिकडं. त्यांचं करून परत आले तर आजी..." इथे ती थांबते. हेल्मीचा आवाज येतो, "मग तू काय केलंस?" हे इंग्रजीत. वैष्णवी मराठीतच उत्तर देते, "डोळे मिटले त्यांचे. उघडे होते. दाराकडं बघत होत्या. ब्रीडा सामान न्यायला आली, तेव्हा तिनं विचारलं, तू होतीस ना जवळ? मी म्हटलं, होते."

मी बटण दाबून ते थांबवलं.

"काय म्हणाली?" हेल्मीनं विचारलं. मी सांगितलं. शब्दाला शब्द सांगितलं. हेल्मी उठली आणि पावसात जाऊन कुंपणाशी उभी राहिली.

मार्चमध्ये तिनं नियमाप्रमाणे वैष्णवीला ते दाखवलं. मी दुभाषी म्हणून हजर. वैष्णवीनं स्वतःला पाहिलं. "नको," म्हणाली. "ताई, यांना सांगा, नको. मी बोलले तेव्हा मला फक्त बोलायचं होतं कुणाशीतरी. ब्रीडाला कळेल ओ. तिला सांगितलंय मी, होते म्हणून. आता मी कुठल्या तोंडानं... आणि तिचं काय होईल? ती तेवढ्यावरच उभी आहे, म्हणाली ना?"

हेल्मी म्हणाली, "ठीक." एवढंच. मुलगी सायकलवर बसून गेली. मग मात्र माझा राग उफाळला. मी हेल्मीला म्हटलं, "अगं, हाच तर तुझा चित्रपट आहे! बाकी सगळे ग्रँड आणि शांतपणे. ही एकच मुलगी खरं बोलली की त्या पॅसेजला एकच माणूस होतं. हे काढलं तर लोकांना कळणार कसं? तूच म्हणालीस ना, मग विचारायला काही उरत नाही!"

"हो," हेल्मी म्हणाली.

"चेहरा झाक. आवाज बदल."

"नोराजवळ एकच मुलगी होती हे गावाला माहीत आहे. चेहरा झाकून काय होणार? आणि आता ब्रीडाचं बोलणंही काढावं लागेल. ते खोटं आहे हे मला माहीत झालंय. माहीत असताना मी ते ठेवू शकत नाही."

"मग उरलं काय तुझ्याकडे?"

हेल्मीनं विचार केला आणि म्हणाली, "हंस."

मी कपाळावर हात मारून घरी आले. आठवडाभर तिच्याशी धड बोलले नाही. मला ती हट्टी वाटली, जुन्या नियमांना चिकटून बसलेली म्हातारी. ब्रीडाच्या सुखासाठी म्हणावं तर ती ब्रीडाला तरी कुठे पुरतं सुख देत होती? रोज दुकानात भेटायची ब्रीडा तिला. "माझं बोलणं नीट आलंय ना, हेल्मी? त्या मुलीबद्दलचं ठेवलंयस ना?" असं विचारायची, आणि हेल्मी म्हणायची, अजून काम चालू आहे. जी बाई हंसाचा देश चुकीचा सांगू देत नव्हती, ती दुधाच्या रांगेत उभी राहून हे ऐकून घ्यायची. घरी आली की दार लावून घ्यायची, वेलदोड्याचा वास महिनाभर आला नाही. आज वाटतं, त्या बाईनं तेव्हा जे सोसलं ते मी निम्म्यानंही ओळखलं नव्हतं.

एप्रिलमध्ये पूर ओसरला. कुरणं हिरवी झाली, गाई बाहेर आल्या, इथल्या लोकांना लस मिळायला लागली. आणि आमचे फोन वाजायला लागले. त्या एप्रिलबद्दल मी फार लिहिणार नाही. ज्यांच्या घरात झालं त्यांना सांगायला नको, आणि ज्यांच्या घरात झालं नाही असं मला कुणी भेटलेलं नाही. ग्रुपवर सकाळी उठून बघायची भीती वाटायची. ऑक्सिजन आहे का, बेड आहे का, कुणाची ओळख आहे का. इथल्या निवांत हिरव्या उन्हात बसून आम्ही सोलापूर, नागपूर, नाशिकचे नंबर फिरवत होतो, आणि तिकडे फोन उचलायलाही माणूस नव्हतं.

वैष्णवीच्या वडलांना बार्शीहून सोलापूरला नेलं. तिला जाणं शक्यच नव्हतं, आणि गेली असती तरी आत कुणी सोडलं नसतं. चुलतभाऊ फाटकाबाहेर डबा घेऊन उभा. ही इकडे लेक्चर लावून, आवाज बंद करून, दिवसभर फोनकडे बघत. सोमवारी बरे आहेत म्हणाले. गुरुवारी गेले.

त्या शुक्रवारी सकाळी ती माझ्या फाटकाशी आली. रडलेली नव्हती. मी धावत गेले, नियम-बियम सगळे बाजूला ठेवून तिला जवळ घेतलं, तशी ती लाकडासारखी उभी राहिली.

"ताई, सिस्टरांचा फोन आला होता," म्हणाली. "चांगल्या बोलल्या. म्हणल्या, शांत गेले हो तुमचे वडील. काही त्रास झाला नाही. मी होते ना जवळ, हात धरला होता."

मी म्हटलं, "बघ, तेवढं तरी बरं झालं गं..."

"ताई," ती माझ्याकडे बघून म्हणाली, "ते वाक्य माझं आहे."

मी तिला घरात आणलं, चहा केला, तो तसाच थंड झाला. दुपारी ती म्हणाली, "मला आता कधीच कळणार नाही ना, ताई? त्या खरं बोलल्या असतील तरी मला खरं वाटणार नाही." आणि मग, "ब्रीडालाही नाही कळलं."

ती उठून हेल्मीच्या दाराशी गेली. मी मागोमाग. हेल्मीनं दार उघडलं. वैष्णवी इंग्रजीत बोलली, हळू आणि स्पष्ट, त्यात एकही ग्रँड नव्हतं. "ते पुसलंत का?"

"अजून नाही. उद्या पुसणार होते," हेल्मी म्हणाली. "रोज उद्या पुसणार होते."

"ठेवा. पण ब्रीडानं ते पडद्यावर बघायच्या आधी मी तिला सांगणार."

हेल्मीनं बूट चढवले. कॅमेरा आतच, टेबलावर राहिला. आम्ही तिघी चालत ब्रीडाच्या घरी गेलो, नदीच्या पलीकडे. ब्रीडा समोरच्या बागेत खुरपत होती. वैष्णवीला बघून तिचा चेहरा एकदम फुलला, हातमोजे काढत फाटकाशी आली. "ये गं राणी, चहा टाकते!" असं काहीसं तिचं ते इंग्रजी. हेल्मी आणि मी रस्त्याच्या पलीकडे थांबलो. हेल्मी भिंतीला टेकली होती. हात ठेवायचे कुठे हे तिला कळत नव्हतं.

वैष्णवीनं सांगितलं. मी नव्हते. दुसऱ्या खोलीत होते. आणि घरी जा असं मीच तुला म्हटलं होतं.

ब्रीडा तिथेच, ओल्या गवतावर खाली बसली. म्हणाली, "मी गाडीत होते. वृद्धाश्रमाच्या फाटकाबाहेर, गाडीत. हीटर लावून कपडे वाळवत बसले होते तासभर. तू हात केला असतास तर आले असते."

वैष्णवी म्हणाली, "हो."

तिनं माफी मागितली नाही. मागून काय करणार होती? मग ब्रीडानं एकेक विचारायला सुरुवात केली. आईनं सकाळी काय खाल्लं? बोलली का काही? पडदा उघडा होता का? वैष्णवी आठवेल तेवढं सांगत गेली. कस्टर्ड दोन चमचे खाल्लं. केस विंचरून मागितले. विंचरले मी. पडदा उघडाच होता. ब्रीडा ऐकत होती आणि गवत उपटत होती. शेवटी म्हणाली, "आता जा तू. मला तुझ्याकडे बघवत नाही. पुढच्या आठवड्यात परत ये, अजून विचारायचंय मला. पण आत्ता जा."

हे सगळं हेल्मीच्या चित्रपटात नाही. चित्रपटात फक्त वैष्णवी आहे, जळणाच्या खोलीत, निळ्या जाकिटात, आणि आधी ब्रीडा आहे, तिच्याच परवानगीनं, 'हात धरून होती' म्हणणारी. दोन्ही एकामागोमाग येतात, मध्ये काही नाही. संगीत तर नाहीच. शरद ऋतूत गावातल्या सभागृहात तो एकदा दाखवला, लांब लांब खुर्च्या मांडून. संपल्यावर कुणी टाळ्या वाजवल्या नाहीत. मागून एक माणूस उठला आणि म्हणाला, "माझे वडीलही शांतपणे गेले, असं मला सांगितलंय." मग दुसरी एक बाई उठली. वृद्धाश्रमाकडे त्यानंतर बऱ्याच घरांतून प्रश्न गेले, उत्तरं अजून यायची आहेत. हेल्मी ऑक्टोबरात फिनलंडला गेली, बहिणीकडे. हेल्मीच आजारी आहे. फोनवर विचारलं तर काय झालंय ते नावासकट सांगते, किती दिवस तेही सांगते. मला ऐकवत नाही.

पण माझ्या डोक्यात जे अडकलंय ते त्याच दिवशीचं, ब्रीडाकडून परत येतानाचं. पुलाच्या अलीकडे वैष्णवी थांबली. कट्ट्यावर बसली. फोन काढला आणि सोलापूरला लावला. सोलापुरात तेव्हा रात्र झालेली. फोन तिनं स्पीकरवर टाकून मध्ये धरला. एकटीनं ऐकायची तिची हिंमत नव्हती असं नंतर म्हणाली. हेल्मीला मराठी येत नाही, तरी तीही वाकून ऐकत होती.

"सिस्टर, मी वैष्णवी. काल गेलेल्या गिरणीवाल्या काकांची मुलगी. एक विचारायचं होतं. मीबी इकडं हेच काम करते ओ. मीबी लोकांना हेच सांगते. मला खरं सांगितलं तर चालतंय."

पलीकडे कसले कसले आवाज. कुणीतरी कुणाला हाक मारत होतं.

"नव्हते हो ताई," सिस्टर म्हणाली. आवाजावरून वैष्णवीएवढीच असेल. "वॉर्डाला मी एकटीच होते. पलीकडच्या पेशंटचं बघत होते. आले तर... माफ करा ताई."

"नाही, नाही, माफी नको," वैष्णवी घाईनं म्हणाली. "त्याच्या आधीचं सांगा. संध्याकाळचं. बोलले का काही?"

"बोलले की. मास्क बाजूला करून बोलले, मी रागावलेपण. मला म्हणाले, पोरी, सकाळपासून बघतोय, तू जेवलीस का? मी म्हटलं, हो काका, जेवले. जेवले नव्हते हो ताई."